उजवीकडचं पातं

उरुकात दगड नाही. एवढं नावाजलेलं शहर, पण रस्त्यात ठेच लागायला एक खडा सापडेल तर शपथ. देवळाच्या पायातले चार चुनखडीचे चिरे सोडले तर सगळी माती. घरं मातीची, भिंती विटांच्या, आणि चिखल हवा तेवढा. दगड फोडणारी बाई असल्या गावात जन्माला येणं शक्यच नव्हतं, ती बाहेरूनच आणावी लागली. लुगिना नावाड्यानं ती आणली. बावीस वर्षं झाली, तिच्या हातचे विळे घेऊन आम्ही सगळ्यांनी जव कापले, आणि तरीही लोक तिला डोंगरीणच म्हणतात. तिचं नाव अल्लई.

दर वसंतात वरच्या मुलखातलं बर्फ वितळून नदी फुगली की फुगवलेल्या बकऱ्यांच्या कातड्यांचे तराफे खाली येतात. त्यावर लाकूड असतं, द्राक्षाची दारू असते, आणि टोपल्यांत गाभे असतात. गाभा म्हणजे पाती काढायला तासून तयार केलेला दगड, वीतभर लांब आणि भोवऱ्यासारखा खाली निमुळता. अल्लई तो दोन पायांत आवळून धरते, कडेवर हरणाच्या शिंगाचं टोक टेकवते आणि वर टोला देते. दगडाचं लांब सरळ पातं सुटून मांडीवरच्या कातड्यावर पडतं. त्याचे तीन तुकडे करायचे, लाकडी दांड्याच्या खाचेत डांबर ओतून एकापुढे एक बसवायचे, की झाला विळा. देवळाच्या कोठीत तांब्याचे विळे आहेत म्हणतात. असतील. ते पुजाऱ्यांनी बघायला आहेत. ज्याला कोणी नाही त्याच्या हातात भाजलेल्या मातीचा विळा असतो, त्यानं जव कापले जात नाहीत, जवाला नुसत्या गुदगुल्या होतात. बाकी सगळं शहर अल्लईवर अवलंबून.

तराफे आले की ती सगळ्यांत आधी एक गोष्ट करायची. टोपलीतला एक गाभा उचलून जिभेला लावायची. आम्हाला वाटायचं, दगडाची परीक्षा करते. एकदा तिनं शेजारणीला सांगितलं, "परीक्षा कसली गं. माहेरच्या ओढ्याची चव येते."

तिचं माहेर म्हणजे एक बाप, तल्मू. आई लहानपणीच गेली, भाऊ नाही. बापानं तिला मुलासारखं दगडावर बसवलं, बोटं फुटली तरी उठू दिलं नाही, आणि एकदाचा तिचा हात त्याच्यासारखा चालायला लागला तेव्हा लाकूड न्यायला आलेल्या या लुगिनाच्या प्रेमात पडून ती निघाली. तल्मूनं ना शिव्या दिल्या, ना आशीर्वाद. निघायच्या दिवशी सकाळी त्यानं मधाच्या रंगाचा एक गाभा काढला. त्यात दुधासारखा पांढरा एक धागा तिरका गेला होता. असा दगड त्यानं उभ्या जन्मात एकदाच पाहिला होता, म्हणून जपून ठेवला होता. त्याचं पहिलं पातं काढून त्यानं तिच्या हातावर ठेवलं.

त्यांच्याकडची रीतच आहे ती. पहिलं पातं, म्हणजे थोरलं पातं, परक्या मुलखात जाणाऱ्या लेकीचं. गाभा बापाच्या चुलीखाली पुरायचा.

"नीट ऐक," तल्मू म्हणाला होता. "तोंडी निरोप चार तोंडांतून गेला की त्याचं पार वाटोळं होतं. दगडाचं होत नाही. तुझ्या पात्याची खाच या गाभ्यावर राहिली, बघ. तिच्या उजवीकडचं पातं माझं. मी मेलो की लेकीनं ते काढायचं आणि माझ्या तळहातावर ठेवायचं. माझे हातपाय थकले की हा गाभा मी खाली पाठवीन. तुझं पातं त्याच्यावर बसवून बघ. उजवी बाजू शाबूत असली तर समज, बाप बोलावतोय. गाभा घेऊन ये."

"आणि शाबूत नसली तर?"

"तर समज, मी गेलो, तू नव्हतीस म्हणून शेजाऱ्यांनी माझं पातं काढून गाभा पाठवला. मग उगीच धावत येऊ नकोस. तिथंच बसून रड, आणि थोरलं पातं परत पाठव, माझ्या मातीवर ठेवतील."

"बाबा, मी दर तीन वर्षांनी येईन. हे म्हणालेत तसं."

तल्मू लुगिनाकडे बघून हसला, आणि त्या हसण्यानं लुगिनाचे कान आजही तापतात. कारण बावीस वर्षांत ते एकदाही गेले नाहीत. आधी मुलगी झाली, मग दोन मुलं होऊन गेली, मग लुगिनाचे गुडघे गेले. संसार म्हणजे काय, चिखलात रुतलेला पाय. एक काढावा तर दुसरा जातो.

पहिली दहा-बारा वर्षं अल्लईनं प्रत्येक गाभा तपासला. गळ्यातल्या लोकरीच्या पिशवीतून थोरलं पातं काढायचं, गाभ्यावर टेकवून बघायचं, परत ठेवायचं. दोनशे गाभे, तीनशे गाभे. लुगिना चिडवायचा, "काय गं, दगडाला विचारतेस का, घरी सगळं बरं आहे ना?" ती हसायची नाही. पुढे पुढे तिनं ते सोडून दिलं. कामाचा रेटा होता हे खरं, पण त्याहून खरं म्हणजे ती रुसली होती. बापाला गरजच नाही तर आपण तरी का झुरावं? झुरणं मात्र सुटलं नाही. जव पिकून शेतं मधाच्या रंगाची झाली की ती धाब्यावर चढून उत्तरेकडे तोंड करून बसायची. तिथून दिसतं काय, तर कालवा, खजुरी आणि धूळ. तेवढ्यासाठी ती अर्धा दिवस बसायची.

यंदा कापणी निम्मी झाली होती. सूर्य डोक्यावर होता, आणि दुदू नावाचा एक सुटलेल्या पोटाचा कापणारा विळा नाचवत तिच्या अंगणात आला.

"डोंगरिणे, तुझ्या विळ्यानं दगा दिला बघ."

"विळ्यानं दगा दिला की तू आपटलास?"

"आपटला कुठं? पडला."

"कशावर?"

"घागरीवर," दुदू ओशाळून म्हणाला. "घागर गेली ती गेली, वर विळाही गेला. मधलं पातं हलतंय."

"घागर रिकामी होती की भरलेली?"

"भरलेली असती तर मी तिच्यावर विळा पडू दिला असता का, बाई?"

अल्लई हसली. विळ्याचा दांडा झाऊच्या लाकडाचा होता, म्हणजे विळा गेल्या वर्षीचा. यंदाचे दांडे तिनं हिवराच्या लाकडाचे केले होते. तिनं तो निखाऱ्यावर धरला, डांबर मऊ झालं, आणि मधला तुकडा काढून कापडानं पुसला. इतके दिवस डांबराखाली असलेली बाजू उघडी पडली. मधाचा रंग. त्यातून तिरका गेलेला पांढरा धागा.

दुदू काहीतरी बोलत होता. तिला ऐकू येत नव्हतं. तिनं गळ्यातली पिशवी उघडली, थोरलं पातं काढलं आणि तो तुकडा त्याच्या डाव्या अंगाला लावला. बसला. मध्ये नख जाईल एवढीही फट नाही. पात्यातला धागा तुकड्यात सरळ पुढे गेला.

"काय झालं गं? भूत बघितलंस का?" दुदूनं विचारलं.

"गाभा आला होता," ती म्हणाली. "गेल्या वर्षी आला होता, आणि मी त्याचे विळे केले."

आता तुम्ही म्हणाल, एवढी हुशार कारागीर, तिला कळलं कसं नाही? तिनंही स्वतःला हेच विचारलं, आणि उत्तर तिला पाठ होतं. गेल्या वर्षी याच दिवसांत तिची लेक निनकल्ला दोन दिवस अडली होती. सुईण ओरडत होती, नवं पातं आणा, कधी न वापरलेलं. अल्लईनं टोपलीत हात घातला, जो गाभा लागला तो ओढला, बघितलं न बघितलं करून टोला दिला आणि सुटलेलं पातं घेऊन धावली. टोपलीतल्या काही गाभ्यांची एक-दोन पाती आधीच निघालेली असतात, पण त्यात नवल कसलं? दगड चांगला आहे का हे बघायला व्यापारी एखाददुसरं काढतातच. लेक सुटली, नात झाली, घरात आनंदीआनंद. पुढच्या चार दिवसांत तिनं झोपेनं जड झालेल्या डोळ्यांनी टोपलीतले सगळे गाभे फोडून विळ्यांना लावले. त्यांतच हा मधाच्या रंगाचाही फुटला, आणि त्याचा उरलेला खडा बोराएवढा झाल्यावर तिनंच कुठंतरी भिरकावून दिला होता.

लुगिना घरी आल्यावर तिनं त्याच्यापुढे तुकडा आणि पातं ठेवलं. त्यानं ते तीनदा जुळवून बघितलं.

"हे डावीकडचं," तो म्हणाला.

"हो."

"उजवीकडचं?"

"तेच तर शोधायचं आहे. ते माझ्या विळ्यांत कुठं सापडलं तर गाभा उजवीकडून शाबूत आला होता, म्हणजे बाबा बोलावत होते. नाही सापडलं तर ते वरच राहिलं. बाबांच्या हातात."

लुगिना गुडघे चोळू लागला. "माझंच चुकलं," तो म्हणाला. "तीन वर्षांनी नेतो म्हणालो होतो."

"तुमचं चुकलं हे मला बावीस वर्षं माहीत आहे. आता उठा आणि एहली कधी निघतोय ते विचारून या."

एहली हा यंदा तराफे घेऊन आलेला व्यापारी. तराफे प्रवाहाविरुद्ध जात नाहीत, म्हणून इथं लाकूड विकून, कातड्यांची हवा काढून, सगळं गाढवांवर लादून ही माणसं पायी परत जातात. दोन महिन्यांची वाट. एहली म्हणाला, पाचव्या दिवशी दुपारी निघणार, इनन्ना देवी स्वतः आडवी आली तरी थांबणार नाही. तल्मूचं नाव त्याच्या कानावर नव्हतं. तो दगड मधल्या बाजारात घेतो, तिथल्यांनी तो आणखी वरून घेतलेला असतो.

म्हणजे हातात पाच दिवस. गेल्या वर्षी विळे केले होते चाळीस. ते आता कुठल्या कुठल्या शेतांत, कुणाकुणाच्या हातांत. अल्लईनं डोक्याला फडकं बांधलं आणि उन्हात निघाली. दुदू आपणहून बरोबर आला. म्हणाला, घागरीचं पाप फेडतो. शेताच्या बांधावर उभा राहून तो बोंब ठोकायचा, "झाऊच्या दांड्याचे विळे इकडे आणा! डोंगरीण त्यांची नजर काढणार आहे!"

कापणारे हसायचे. एक म्हातारी म्हणाली, "अगो, दगडाला एवढं कोण कुरवाळतं? नवऱ्याला कुरवाळ जरा." अल्लईचं आपलं काम चालू. विळा घ्यायचा, तुकडे बघायचे, मधाचा रंग दिसला की डांबर खरवडायचं. त्या गाभ्याचे आणखी पुष्कळ तुकडे मिळाले, आतले, मागच्या बाजूचे. उजवीकडचा एक नाही.

आणि खरं सांगायचं तर ती काय मागत होती हे तिचं तिला कळत नव्हतं. सापडलं नाही तर बाप मेला. सापडलं तर बाप जिवंत होता, त्यानं लेकीला हाक मारली होती, आणि चुलीजवळ बसून वर्षभर दाराकडे बघत होता. तिसऱ्या दिवशी एका विळ्यात तिला धाग्यासारखं काही दिसलं तर तिनं डोळे मिटून घेतले. ते वाळलेलं पीठ निघालं. तिला सुटल्यासारखं वाटलं, आणि तसं वाटलं म्हणून तिनं स्वतःच्या थोबाडीत मारून घेतली. दुदूनं तोंड दुसरीकडे वळवलं.

चौथ्या दिवशी संध्याकाळपर्यंत अडतीस विळे बघून झाले. उरलेले दोन गेल्याच वर्षी कालव्यात पडले होते.

"त्या दोनांत असेल," लुगिना म्हणाला.

"असेलही, नसेलही," अल्लई म्हणाली. "चाळीसांतल्या अडतीसांत नाही, म्हणजे नाहीच. शेजाऱ्यांनी काढलं. बाबा गेले."

तिनं तसंच धरलं. दगडापेक्षा वीट मऊ. मेलेल्या बापासाठी रडता येतं, वाट बघणाऱ्या बापाचं काय करायचं? तिनं केस सोडले, अंगणात बसली आणि रडली. शेजारणी आल्या, जवाची पेज घेऊन आल्या, तिच्याबरोबर मोठमोठ्यानं रडल्या. अल्लई मध्येच थांबून म्हणाली, "त्यांना दूध लागायचं. रोज संध्याकाळी शेळीचं गरम दूध. कुणी दिलं असेल?"

पाचव्या दिवशी सकाळी तिनं थोरलं पातं लोकरीत गुंडाळून एहलीला दिलं. "वर पोचलं की तल्मूच्या मातीवर ठेवायला सांग. दगडफोड्यांच्या वाडीत. ओढ्याकाठी शेवटचं घर." बावीस वर्षांनी गळा रिकामा झाला. तिचा हात सारखा तिथं जात होता.

दुपारी निनकल्लाचा निरोप आला. नातीला वर्ष झालं होतं. वर्षाचं मूल झालं की आमच्यात त्याची पहिली बट कापतात, आणि ती ज्या पात्यानं नाळ कापली त्याच पात्यानं कापायची असते. तोवर ते पातं लोकरीत बांधून घराच्या कोनाड्यात राहतं, त्याला कुणी हात लावत नाही, ते उंबऱ्याबाहेर नेत नाहीत. निनकल्ला आठ दिवस मागे लागली होती, आणि अल्लई आज येते, उद्या येते करत होती. आज तिचं मन नव्हतं. पण लेकराचं शुभ काय आजीच्या दुःखासाठी थांबवायचं? तिनं तोंड धुतलं, केस बांधले आणि गेली.

नात अंगणात बसून मातीचा मेंढा तोंडात घालत होती.

"आई, डोळे बघ तुझे. कापशील ना नीट? नाहीतर कान कापशील माझ्या पोरीचा."

"तुझे कान मी कापले का? आण ते पातं."

निनकल्लानं कोनाड्यातली पुडी आणली. अल्लईनं नातीला मांडीवर घेतलं, पुढची एक बट बोटांत धरली आणि दुसऱ्या हातानं लोकर उलगडली. पातं अख्खं होतं. वीतभर, सरळ, तिच्या हातून त्या वर्षी निघालेलं सगळ्यांत देखणं पातं. तिनं बट कापून निनकल्लाच्या हातात दिली, आणि पातं उन्हात आलं. मधाचा रंग, आणि पांढरा धागा.

टोपलीत हात घालून ओढलेला गाभा. बघितलं न बघितलं करून दिलेला टोला. आणि हात जातो तो आधीच्या खाचेच्या उजवीकडेच जातो, बापानं तसाच शिकवलेला होता.

काखेत कळसा आणि गावाला वळसा म्हणतात तो हा. चार दिवस बाई उन्हातान्हात भटकली, आणि पातं लेकीच्या कोनाड्यात.

तिनं नातीला खाली ठेवलं, पातं मुठीत घेतलं आणि धावत सुटली. ती उंबरा ओलांडत होती तोच निनकल्ला ओरडली, "आई! नाळेचं पातं आहे ते! बाहेर कुठं नेतेस?" पण अल्लई गल्लीच्या टोकाला पोचलीही होती. पन्नाशीकडे झुकलेली बाई, पदर सुटलेला, अनवाणी. लोक भिंतीला चिकटून वाट देत होते. कुंभारगल्ली, माशांचा बाजार, मग वेस. वेशीबाहेर एहलीची गाढवं रांगेत उभी होती आणि तो शेवटच्या गाढवाचा पट्टा आवळत होता. लुगिना तिथंच होता, नव्या ओळखीतून जुन्या मुलखाच्या गोष्टी काढत.

"पातं दे माझं," अल्लई धापा टाकत म्हणाली.

"आता? ते पार तळाशी गेलंय, मावशी."

"काढ!"

एहलीनं लुगिनाकडे बघितलं, लुगिनानं मान हलवली, आणि एहली देवांची नावं घेत पोतं उपसायला लागला. लोकरीची पुडी निघाली. अल्लई रस्त्यातच बसली. थोरलं पातं डाव्या हातात धरलं, नाळेचं पातं त्याच्या उजव्या अंगाला लावलं.

बसलं. धागा एकातून दुसऱ्यात सरळ गेला.

"बोलावत होते हो," ती लुगिनाला म्हणाली. "मला बोलावत होते बाबा!" असं म्हणताना ती हसत होती. बावीस वर्षं तिला जे ऐकायचं होतं ते हेच होतं. मग हसता हसताच तिचा चेहरा वेडावाकडा झाला. "वर्ष झालं. सांगा ना, वर्षभर कोणी दाराकडे बघतं का?"

लुगिना तिच्याशेजारी धुळीत बसला. त्याचे गुडघे कडकडले.

निनकल्ला पोरीला कडेवर घेऊन पळत पळत येऊन पोचली. तिनं दोन पाती बघितली, आईकडे बघितलं, आणि तिला सगळं कळलं. ती लहानपणापासून ही गोष्ट ऐकत आली होती.

"एहलीकाका निघालेच आहेत," ती म्हणाली. "जा."

"कुठल्या तोंडानं जाऊ? काय सांगू त्यांना?"

"उशीर का झाला विचारलं तर हे पातं दाखव. म्हणावं, ही येत होती."

अल्लईनं नातीकडे बघितलं. पोरगी मातीचा मेंढा गाढवाला खायला देत होती.

"आणि विचारायला कोणी नसलं तर?"

निनकल्लानं पातं आईच्या मुठीत परत घातलं आणि मूठ वरून दाबली. "तर त्यांच्या हातावर ठेव. त्यांचंच आहे ना ते? आई, गाभा तर इथं होता. त्यांचा हात रिकामाच असेल."

हे अल्लईच्या ध्यानातच आलं नव्हतं. ती एकदम उभी राहिली.

"नाळेचं पातं उंबऱ्याबाहेर नेऊ नये," ती म्हणाली.

"पणजोबाच्या घरी तर चाललंय. ते काय परक्याचं घर आहे?"

कापलेली बट निनकल्लाच्या मुठीतच होती. ती तिनं दोन्ही पात्यांबरोबर लोकरीच्या पुडीत ठेवली. लुगिनानं पायातल्या चपला काढून बायकोपुढे सरकवल्या. त्या तिला मोठ्या होत होत्या, म्हणून दुदूनं, तो कुठून उगवला देव जाणे, कमरेची दोरी तोडून त्या तिच्या घोट्याला बांधून दिल्या.

"देवळाचा मुकादम विचारील, पुढच्या वर्षीचे विळे कोण करणार," लुगिना म्हणाला.

"त्याला म्हणावं, तांब्याचे काढ कोठीतले," अल्लई म्हणाली. "आणि तुम्ही रात्रीचं दही खाऊ नका. गुडघे धरतात."

एहलीनं गाढवं हाकली. अल्लई पुडी गळ्यात अडकवून शेवटच्या गाढवाच्या मागून चालू लागली. पहिल्या कालव्यापर्यंत ती चालत होती. मग ती गाढवांच्या पुढे गेली, मग एहलीच्याही पुढे, आणि मोठ्या चपला फटफटत बांधावरून धावायला लागली.

"अगं मावशी," एहली मागून ओरडला, "दोन महिन्यांची वाट आहे!"